घरटोबाचे कान

मेहकरच्या अलीकडे, डांबरी रस्ता जिथं कंटाळून मातीत उतरतो, तिथं घरटखेड आहे, आणि घरटखेडच्या वेशीत घरटोबा उभा आहे. उंचीनं दोन पुरुष आणि वर एक पोर. पाय उखळांचे, ढेरी चुना दळायच्या दोन थोरल्या घरटांची, तळहात जात्यांचे, बोटं वरवंट्यांची, गाल पाट्यांचे. नवख्याला वाटतं, कुणीतरी गावभरच्या स्वयंपाकघरांची मोट बांधून ती रस्त्यात उभी केली.

तसं वाटणं काही खोटं नाही. पेंढाऱ्यांच्या धाडी पडत होत्या तेव्हा कुठूनसा एक पाथरवट आला म्हणे. म्हणाला, घरटी एक दगड द्या आणि दगडासंगं एक ओवी द्या. दगडानं राखणदार उभा राहील, ओवीनं जागा होईल. बावीस घरं होती. बावीस दगड निघाले, बावीस ओव्या निघाल्या. तेव्हापासून गावात आडनावं चालतात ती फक्त तलाठ्याकडे. एरवी माणसं गुडघेवाले, ढेरीवाले, नाकवाले अशीच ओळखली जातात. लेक कुठं दिली विचारलं तर बाया पदर सावरून सांगतात, "गावातच देल्ली, बेंबीवाल्याइच्या घरी."

ओव्या म्हणायची रीत अशी, की पायापासून सुरुवात करायची आणि वर वर जायचं. आपली ओवी झाली की पुढच्या घराला नावानं हाक मारायची. हाक आल्याशिवाय पुढच्या घरानं तोंड उघडायचं नाही. पायवाले म्हणायचे,

*पाय देल्ले उखयाचे, रोवून उभा राय*
*आल्या-गेल्या पाखराचा, मोडू नको पाय*

मग हाक गुडघ्याला, गुडघ्याची ढेरीला. आणि तिथंच दर वर्षी गाडं रुतायचं. गुडघेवाले उकंडराव आणि ढेरीवाले यांचं एका बांधावरून बोलणं बंद होतं. त्याच्या आधी त्यांच्या बापांचं बंद होतं, त्याच्या आधी आज्यांचं. पोळ्याच्या दुसऱ्या दिवशी गाव जमायचं, गाणं गुडघ्यापर्यंत चढायचं, उकंडराव खाकरून गप्प बसायचे आणि सगळे आपापल्या घरी जेवायला जायचे. घरटोबा शंभर वर्षं झोपला होता तो एवढ्यामुळे.

यंदा मधुवंती बाई आल्या. बुलढाण्याच्या, जिल्हा परिषदेच्या शाळेवर नव्या. त्यांनी मोबाइल घेतला, घरोघर गेल्या आणि प्रत्येकाची ओवी वेगवेगळी भरून घेतली. उकंडरावांनी ढेरीच्या घराला हाकसुद्धा मारली.

"मी फोनशी बोललो," त्यांनी बायकोला बजावलं. "त्याच्याशी नाही."

यादी दिली हिंमतरावांनी. हिंमतराव म्हणजे गालवाले, दोनदा सरपंच झालेले आणि तिसऱ्यांदा पडलेले.

"एकवीस झाल्या," बाई म्हणाल्या. "बाविसावी?"

"बाविसावी कोन्ती? गालापाशी गानं संपते."

"आणि कान?"

"अवो बाई," हिंमतराव हसले, "दगडाले कायचे कान?"

कान होते. डोक्याच्या दोन्ही अंगांना मसाला कुटायचे दोन छोटे खल बसवले होते. दर वर्षी चुना फासून फासून ते बुजले होते, आणि हिंमतरावांच्या आज्यानं, बापानं आणि स्वतः त्यांनी घरात पोरांना ओवी शिकवताना तिच्यापुढची हाक गिळून गिळून बुजवली होती. कारण ती हाक जायची गावाच्या पूर्वेला, बुद्धविहारामागच्या घराला. त्या घराला गालवाल्यांनी कधी कामाशिवाय हाक मारली नव्हती. तरी ओवी काही मेली नाही. त्या घरच्या बाया ती पाळण्यापाशी म्हणत राहिल्या. ज्या गाण्याला गावात जागा नसते, ते लेकरांच्या झोपेत जाऊन राहतं.

तर रविवारी सकाळी साडेनऊला मधुवंती बाईंनी ग्रामपंचायतीच्या भोंग्यावर ती सगळी ओवीमाळ लावली. सहज, आवाज कसा येतो ते पाहायला. पाय, गुडघे, ढेरी, छाती, हात असं करत गाणं गालापर्यंत चढलं आणि थांबलं. वेशीत कड्कन आवाज झाला. घरटोबानं अंग झाडलं. शंभर वर्षांच्या चिमण्या उडाल्या, निवडणुकीचा एक फलक गळून पडला आणि जातं फिरावं तशा घरघरत्या आवाजात गावभर विचारणा झाली,

"कोन हाये? कोन्या गावचे? कोनाचे?"

समोर दूधवाला होता. त्यानं बिचाऱ्यानं नाव, गाव, बापाचं नाव, गवळीवाड्याचा पत्ता, सगळं सांगितलं. घरटोबा वाट पाहत राहिला.

"उत्तर नाही!" तो गरजला. "म्हनजे चोर!"

आणि त्यानं पाय फाकवून वेस अडवली. उकंडराव मागच्या नाल्यातून निसटायला गेले, तर दोन ढांगांत घरटोबा तिथं. ते माघारी पळाले, तर त्यांच्या आधी हा वेशीत परत. जागा झाला होता, पण ऐकू येत नव्हतं. ठार बहिरा राखणदार. तो विचारायचा, लोक सांगायचे, आणि तो सगळ्यांना चोर ठरवायचा.

नेमकं त्याच दिवशी सिंधूताईंच्या घरी पाहुणे यायचे होते.

सिंधूताईंचा धम्मरत्न चौतीस वर्षांचा. बी.ए. झालेला, चार एकरांत सोयाबीन आणि तूर, दोन म्हशी, एक मोटारसायकल. पोरगा शेती करतो म्हटलं की मुलीकडचे फोनवर गोड बोलतात आणि "कळवतो" म्हणतात. अकरा जणांनी असं म्हटलं होतं, अकरांपैकी कुणीच कळवलं नव्हतं. हे बारावं स्थळ रोहिणखेडचं. आणि या स्थळाची मुलगी स्वतः येणार होती, मुलगा पाहायला. सिंधूताईंनी पहाटेपासून घर सारवलं होतं, पोहे भिजवले होते. धम्मरत्ननं नवा शर्ट घातला होता. त्याच्या घड्या इतक्या कडक होत्या, की शर्ट पुठ्ठ्यासकट घातलाय असं वाटावं.

पावणेअकराला पाहुण्यांची गाडी वेशीबाहेर थांबली. त्यातून मुलीचे वडील इंद्रभान उतरले. जन्मभर एसटीत वाहक होते, त्यामुळे कुठंही उतरले की आधी माणसं मोजायचे. त्यांनी वेशीतली माणसं मोजली आणि वर पाहिलं.

वर हिंमतराव होते.

झालं होतं असं. हिंमतराव डॉक्टरांनी नेमून दिलेली पाच हजार पावलं पुरी करत परत येत होते. घरटोबानं त्यांनाही नाव-गाव विचारलं. गालवाल्याला त्याच्याच गावात नाव विचारतात? त्यांनी काठी उगारली आणि म्हणाले, "सरक बे बाजूले! मले वळखत नाही का?" घरटोबानं दोन वरवंट्यांच्या चिमटीत त्यांचा ट्रॅकसूट मानेपाशी धरला आणि त्यांना उचलून हवेत टांगलं. हिंमतराव पाय झाडत होते. खिशातला मोबाइल ती पावलं मोजत होता आणि मधेच गोड आवाजात म्हणाला, "अभिनंदन! आजचं उद्दिष्ट पूर्ण झालं."

"हे काय हाये?" इंद्रभाननी विचारलं.

"राखनदार हाये आमचा," धम्मरत्न आतून ओरडला. मधे घरटोबाचे पाय होते, आणि त्या दोन उखळांच्या फटीतून त्याला आधी एक चप्पल दिसली, मग अबोली साडीचा काठ, मग वाकून पाहणारा चेहरा.

"तुमीच का धम्मरत्न?"

"हो. जय भीम."

"जय भीम. मी धम्मशीला. हे नेहमीच असं असते का तुमच्याकडे?"

"नाही, नाही! पह्यलीच वेळ हाये. एरवी लय शांत असते."

"आन ते वर लोंबून राह्यले ते?"

"ते माजी सरपंच."

धम्मशीलानं ते मनात नोंदवल्यासारखं केलं. ती रोहिणखेडच्या पोस्टात कामाला होती. कुठलीही गोष्ट ऐकली की आधी तिच्यावर मनातल्या मनात शिक्का मारायची सवय.

घरटोबानं खाली वाकून दोघांकडे पाहिलं. "तोंडं हलते, आवाज नाही!" तो दचकला. "जादू करून राह्यले!" आणि त्यानं जात्याएवढा तळहात दोघांच्या मधे ठेवला.

धम्मरत्न तळहाताला वळसा घालून दुसऱ्या फटीपाशी गेला. "पोहे झाले हायेत," तो म्हणाला.

"थंडे होतीन."

"आनू का इथं?"

त्यानं खरंच बशी आणली. घरटोबानं ती वरच्या वर काढून घेतली, वास घेतला आणि तोंडात ओतली. त्याला घसा नव्हता. पोहे गालातून, बगलेतून, बेंबीतून वाट काढत खाली आले आणि त्यांतले बरेचसे इंद्रभानच्या टोपीवर उतरले.

इंद्रभाननी टोपी काढली, शेंगदाणा काढून टाकला, घड्याळ पाहिलं. "हे पाहा, मी काई वाईट बोलत नाही. पन एक वाजता आमाले चिखलीले दुसरं पोरगं पाह्याचं हाये. पुन्याले कंपनीत हाये ते. साडेअकरापरेंत थांबतो. ज्या गावात जाताच येत नाही, तिथं पोरगी कशी देऊ?"

हे सिंधूताईंनी ऐकलं. हातातल्या झाऱ्यासकट त्या वेशीपर्यंत आल्या होत्या. पोराकडे पाहिलं तर तो शर्टाची घडी बोटानं दाबत उभा होता, जणू ती घडी मोडली की सगळं जमणार होतं.

तेवढ्यात मधुवंती बाई धावत आल्या. त्यांनी ओवीमाळ दोनदा परत लावून पाहिली होती, एकदा उलटीही. घरटोबा गुदगुल्या झाल्यासारखा हलला, बस. आता त्यानं हात डोक्याच्या बाजूला नेला, बहिरा म्हातारा नेतो तसा, आणि केविलवाणा ओरडला, "जोरात बोला नं गड्याहो! काईच येत नाही!" हात लागला तिथला चुन्याचा पापुद्रा पडला आणि आत खलाची गोल कड दिसली.

बाईंनी मान वर केली. "हिंमतराव, तुम्ही म्हणाला होतात याला कान नाहीत."

हिंमतराव वरून म्हणाले, "आधी मले खाली घ्या. मंग चर्चा करू."

"कान हाये," सिंधूताई म्हणाल्या. त्या गर्दीतून पुढं आल्या, तेलाचे हात पदराला पुसले. "ते आमच्या घरचे हाये."

हे सगळ्यांना ठाऊक होतं, आणि ठाऊक असलेली गोष्ट कुणी मोठ्यानं बोललं की माणसं चपलांकडे पाहतात, तसं गाव चपलांकडे पाहत राहिलं.

"मंग म्हन नं सिंधूताई!" उकंडराव म्हणाले. "कायची वाट पाह्यतं?"

सिंधूताईंनी डोळे मिटले आणि ओवी म्हटली. पाळण्यापाशी म्हणतात तशी, हलकी. वेशीबाहेर धम्मशीला आपसूक ताल धरून डोलली. पण घरटोबा होता तसाच. "चोर!" तो म्हणाला, पण जरा कंटाळून.

"जमत नाही," सिंधूताई म्हणाल्या. "मले वाटलंच. हाक आल्याबिगर आमचं गानं लागत नाही. गालाच्या घरानं हाक मारा लागते."

सगळ्यांच्या माना वर गेल्या.

"मी?" हिंमतराव म्हणाले. "मी हाक मारू? आमच्या सात पिढ्याइत—"

"अकरा वाजून बावीस मिन्टं," इंद्रभान म्हणाले.

"माय," धम्मरत्न हळूच म्हणाला, "राहू दे. त्याच्या पाया पडा लागत असन तं मले लगीन नाही पाह्यजे."

"पाया कोन पडून राह्यलं बे? मी उभी हाये," सिंधूताई म्हणाल्या, आणि खरंच त्या उभ्या राहिल्या. हात बांधून, वर पाहत.

हिंमतराव हवेत गोल फिरले. तोंड गावाकडे झालं, मग पाहुण्यांकडे, मग परत गावाकडे. आणि तेव्हा त्यांचा चेहरा बदलला, कारण हिंमतराव बीपीची गोळी घेत असत. सकाळी आठला घेतली की ती माणसाला दर तासाला आडोशाला धाडते, आणि आता साडेअकरा होत आले होते.

"ए सिंधे!" ते ओरडले. "म्हन तुही ओवी!"

काही झालं नाही.

"सिंधू! अवो सिंधू!"

घरटोबाच्या डाव्या कानातून एक कुंभारमाशी बाहेर आली, इकडंतिकडं पाहून परत आत गेली.

"जमून राह्यलं!" उकंडराव ओरडले. "थोडं आजून! रीतसर मारा हिंमतराव, जशी मले मारतात तशी!"

हिंमतरावांनी पाय एकमेकांवर घट्ट आवळले. आज्यानं गिळलेली, बापानं गिळलेली, तीन पिढ्यांची हाक घशाशी आली. मग ते म्हणाले, अगदी बारीक, पण नीट, "सिंधूताई, गालाची ओवी झाली. आता तुमच्या घरी हाक. या, म्हना."

"आले," सिंधूताई म्हणाल्या.

*खलाचे देल्ले कान, हळू बोलते ऐकजो*
*हात उचलाच्या आधी, नाव-गाव पुसजो*
*आल्या-गेल्याचं ऐकून घे, मंग घेजो आत*
*ऐकल्यानं दगडाचाबी, मऊ होते हात*

चुना ढलपी-ढलपीनं पडला. कुंभारमाश्यांचं सगळं खटलं भुणभुणत बाहेर निघालं. घरटोबानं मान एकदा डावीकडं झुकवली, एकदा उजवीकडं. कडुनिंबाची सळसळ ऐकली, म्हशीचं हंबरणं ऐकलं, लेकराचं रडणं ऐकलं. मग कपाळाला आठी घातली.

"हळू बोला नं बे! काऊन एवढा कल्ला करून राह्यले?"

आणि त्यानं हिंमतरावांना अलगद जमिनीवर ठेवलं, काचेची बरणी ठेवावी तसं. हिंमतराव कडुनिंबाकडे असे धावले, की मोबाइलनं पुन्हा अभिनंदन केलं.

घरटोबा बाहेरच्या पाहुण्यांकडे वळला. आता त्याचा आवाज दूरच्या घरी दळण चालल्यासारखा आला. "कोन हाये माय? कोन्या गावची? कोनाची?"

"धम्मशीला. रोहिणखेडची. इंद्रभानची पोरगी. पोरगं पाह्याले आली."

"कोन्तं पोरगं?"

तिनं आत बोट दाखवलं. मग तिला काय वाटलं कोण जाणे, ती वर पाहून म्हणाली, "बाबा, तुमी रोज पाह्यता त्याले. कसा हाये?"

गाव गार पडलं. सोयरिकीच्या चौकशीला लोक दुकानदाराला विचारतात, पानटपरीवर विचारतात. वेशीला कुणी विचारलं नव्हतं.

"झोपले होते नं तुमी?" इंद्रभाननी शंका काढली.

"झोपलो होतो. डोये उघडे होते. दगडाले पापन्या कुठून आनाव?" घरटोबानं धम्मरत्नकडे टक लावली. "हा पोट्टा. शायेत जाये तेव्हा पेपरच्या दिवशी मह्या पायाले डोकं टेकवे. नापास झाला, तं दुसऱ्या दिवशी येऊन परत टेकवलं. मले वाटलं, भांडाले आला. मोटारसायकल घेतली, ते चालवतं कमी, ढकलतं जास्त. एकदा बजारातून फुलकोबी आनली. मायनं थैलीत पाह्यलं आन कपाय बडवलं. यानं गाडी वळवली. मेहकरले परत गेला आन पत्ताकोबी घेऊन आला. येताना गाडी ढकलतच होता."

बाया पदराआड हसल्या. धम्मरत्नचे कान लाल झाले.

"आन खरी गोष्ट सांगू का माय?" घरटोबानं वरवंट्याचं बोट वर केलं. "या गावातला हा एकच गडी हाये, जो मह्या पायावर कधी मुतला नाही."

वेशीतले गडी एकमेकांच्या मागं सरकले.

"बाकीचे सांगू का?" घरटोबानं बोटं मोजायला घेतली. "हे उकंडराव, पावसायाभर. हे नाकवाले, बापलेक दोघंबी. आन गालवाले तं—"

"घरटोबा!" कडुनिंबामागून हिंमतरावांचा आवाज आला. "बाप्पा! पाहुन्याईसमोर!"

"पाहुन्याईसमोरच तं खरं सांगा लागते," घरटोबा म्हणाला आणि बाजूला सरकला.

धम्मशीला वेशीतून आत आली. धम्मरत्नसमोर उभी राहिली. "खरं हाये का?"

"काय?"

"फुलकोबीचं."

"हो," तो म्हणाला. मग म्हणाला, "आन ते दुसरंबी."

ती हसली. जात्यात मूठभर जोंधळे टाकल्यावर पहिल्या फेऱ्याला होतो तसा आवाज झाला, भरभरीत आणि मोकळा. इंद्रभान अजून वेशीबाहेर होते. त्यांनी लेकीकडे पाहिलं, घड्याळाकडे पाहिलं, मग खिशातून फोन काढला. "हॅलो, चिखली का? हाव, आमी आज येत नाही. नाही नाही, गाडी बरोबर हाये. पोरगी आत गेली नं भाऊ."

पोहे दुसऱ्यांदा परतले गेले. इंद्रभाननी दोन बश्या खाल्ल्या. सिंधूताईंच्या ओट्यावर त्या दिवशी हिंमतराव आले आणि कुणी बोलावायची वाट न पाहता सतरंजीच्या काठावर बसले. चहा हातात दिला तेव्हा त्यांनी तो प्यायला. सिंधूताईंनी त्यात साखर बेतानं घातली होती.

निघताना धम्मशीलानं तारखेचं बोलून टाकलं. "मी तयार हाये. लगीन रोहिणखेडले करू, आमच्या विहारात. या महिन्याच्या अठ्ठावीसले पोस्टाले सुट्टी हाये."

धम्मरत्न काही म्हणणार, तेवढ्यात घराच्या कौलांवर सावली पडली. घरटोबा दारात वाकून सगळं ऐकत होता.

"मी येतो," तो म्हणाला. "कान या घरचे हाये. म्हनजे मी पोराकडचा."

सगळे एकमेकांकडे पाहू लागले. ट्रकात मावेल का, पुलावरून जाईल का, गावाची राखण कोण करील, उकंडरावांचा ट्रॅक्टर मिळेल का आणि मिळाला तर ढेरीवाले आपली ढेरी त्यात चढवू देतील का, अशी एकदम पंधरा तोंडं सुरू झाली.

धम्मशीलानं गाडीत बसता बसता काच खाली केली. "त्याईले म्हना, चालत या," ती धम्मरत्नला म्हणाली. "पन आठ दिवस आधी निंगा. आन तुमी त्याईच्या संग या, मोटारसायकल घरी ठेवून."